कडव्यांच्या घरात कॅमेरा

पूर्व जर्मनीतलं हाले-नॉयश्टाट हे रासायनिक कारखान्यांच्या कामगारांसाठी उभारलेलं शहर. जर्मनी एक झाली, कारखान्यांतली कामं गेली आणि तिथली काही पोरं डोकी भादरून नाझी घोषणा देऊ लागली. टोमास हायझे या दिग्दर्शकाने १९९२ साली या पोरांवर ‘श्टाउ’ हा माहितीपट केला. त्यात एक पोरगा घरच्या स्वयंपाकघरात केक करतो. मिश्रण फेटतो, बोलतो, पुन्हा फेटतो. कॅमेऱ्याला घाई नाही. निवेदक मध्ये येऊन आपल्याला सावध करत नाही. पाहणारा अस्वस्थ होतो तो त्या पोराच्या मतांमुळे नव्हे. ती मतं आधीच माहीत असतात. हे घर आपल्या ओळखीचं आहे, याची अस्वस्थता जास्त असते.

अशा लोकांना माणसासारखं दाखवायचं कशाला, हा आक्षेप हायझेंवर आला आणि या जातीच्या प्रत्येक चित्रपटावर येतो. तो उडवून लावण्यासारखा नाही. विनफ्रीड बोनेंगेल यांनी पुढच्याच वर्षी, १९९३ मध्ये ‘बेरूफ निओनाझी’ केला. त्यातला एवाल्ड आल्टहान्स तरुण, नीटनेटका, सफाईने बोलणारा. दिग्दर्शक त्याच्या मागे मागे फिरतो आणि काही म्हणत नाही. आऊशविट्झच्या गॅस चेंबरमध्ये उभं राहून आल्टहान्स तिथे असं काही घडलंच नाही असं सांगतो, तरीही दिग्दर्शक गप्पच. चित्रपटाला सरकारी अनुदान होतं, त्यामुळे जर्मनीत गदारोळ झाला, प्रदर्शन थांबलं. पुढे बर्लिनच्या न्यायालयात आल्टहान्सला शिक्षा झाली आणि त्यात कॅमेऱ्यासमोरची त्याची वक्तव्यंच त्याला भोवली. म्हणजे चित्रपटाचा उपयोग झाला, पण पुरावा म्हणून. कलाकृती म्हणून तो फसलाच होता.

दोन्ही दिग्दर्शक गप्प राहिले, मग फरक कुठे पडला? बोनेंगेलने भाषण चित्रित केलं आणि हायझेंनी दिवस चित्रित केला, एवढाच आणि एवढा मोठा. कडव्या माणसाचं भाषण घोटून तयार झालेलं असतं. त्याच्यासमोर गप्प बसणं म्हणजे त्याला व्यासपीठ देणं. पण त्याचा दिवस कोणी घोटून घेतलेला नसतो. बेकारी, कंटाळा, आईशी उडणारे खटके, संध्याकाळी जायला एकच जागा, या सगळ्यातून विचारसरणी माणसाच्या अंगात कशी मुरते ते दिसू लागतं. शिवाय हायझे तिथे परत गेले. २००० साली ‘नॉयश्टाट’ आला, २००७ साली तिसरा चित्रपट. तिसऱ्यात नायक कोणी पुढारी नाही. बस चालवणारी एक आई आणि तिची मुलं आहेत. पहिल्या चित्रपटातला द्वेष पुढच्या पिढीकडे कसा आणि किती सरकला, हे कुठल्याही मुलाखतीपेक्षा तिथे स्पष्ट कळतं. हायझे २०२४ मध्ये गेले. त्यांच्या या तीन चित्रपटांइतकं सलग काम या क्षेत्रात फार थोड्यांनी केलं आहे.

गप्प राहणं ज्यांना मान्य नव्हतं ते स्वतःच पडद्यावर आले. याची सुरुवात बरीचशी निक ब्रूमफिल्ड यांच्यापासून. दक्षिण आफ्रिकेत वर्णभेदाची राजवट मोडकळीला आली असताना युजीन टेरब्लांश नावाचा गोरा पुढारी घोड्यावर बसून, नाझींसारखं चिन्ह मिरवत यादवीच्या धमक्या देत होता. ब्रूमफिल्ड त्याची मुलाखत घ्यायला गेले आणि मुलाखत मिळेना. मग त्यांनी मुलाखत न मिळण्याचाच चित्रपट केला (१९९१). शीर्षकात पुढारी आहे, त्याचा ड्रायव्हर आहे आणि ड्रायव्हरची बायकोही आहे. अखेर वेळ मिळाली तेव्हा हे थोडे उशिरा पोचले. कारण विचारल्यावर चहा पीत होतो म्हणाले. टेरब्लांश भडकला आणि त्याचा सगळा भारदस्तपणा त्या एका चहापायी गळून पडला. हसू आवरत नाही. पण १९९४ च्या निवडणुकीच्या तोंडावर त्याच्याच संघटनेच्या लोकांनी बॉम्बस्फोट घडवले, त्यात माणसं मेली. पुढाऱ्याचं हसं झालं म्हणून अनुयायांचा जोर ओसरत नाही, हे त्या चित्रपटाने सांगितलं नाही. सांगायची त्याची पद्धतच नव्हती.

ब्रूमफिल्डची ही रीत लुई थेरो यांनी बीबीसीवर घरोघरी पोचवली. भाबडा चेहरा, साधा प्रश्न आणि समोरच्याला अवघड वाटेल इतका वेळ शांतता. २००३ मध्ये कॅलिफोर्नियातल्या गोऱ्या वंशवाद्यांच्या घरी ते असेच वावरले. तिथे एक आई आपल्या जुळ्या मुलींकडून द्वेषाची गाणी गाऊन घेत होती, तो भाग आजही अंगावर येतो. तेव्हा ही युक्ती चालत होती, कारण या मंडळींना बाहेरचा कॅमेरा विरळाच भेटायचा. आता तसं नाही. २०२२ च्या ‘फॉरबिडन अमेरिका’ मालिकेत थेरो निक फुएन्टेससारख्या इंटरनेटवर वाढलेल्या तरुणांकडे जातात, तेव्हा त्या पोरांकडे स्वतःचे कॅमेरे आणि स्वतःचे प्रेक्षक तयार असतात. भाबड्या प्रश्नाची त्यांना भीती नाही. थेरोंनी काढता पाय घेतला किंवा त्यांना हाकललं, तरी त्याचीही क्लिप होते आणि ती त्या पोरांच्याच बाजूने फिरते.

गेल्या दहा-पंधरा वर्षांतली सगळ्यात मोठी उलथापालथ ही आहे, आणि या क्षेत्रातले बरेच दिग्दर्शक अजून ती झालीच नाही असं समजून काम करतात. स्टीव्ह बॅनन हे याचं टोक. हा माणूस ट्रम्प यांचा सल्लागार होण्याआधी स्वतःच माहितीपट काढत होता. रेगनवर एक, सारा पेलिनवर एक. त्याच्यावर एरल मॉरिस यांनी ‘अमेरिकन धर्मा’ (२०१८) केला. मॉरिस म्हणजे साक्षीदाराला बोलतं करून त्याच्याच शब्दांत अडकवण्यात मुरलेला माणूस. पण बॅननला आवडणाऱ्या जुन्या युद्धपटातल्यासारखा पत्र्याचा अर्धगोल निवारा उभारून मॉरिस त्याच्यासमोर बसले, शेवटी तो निवारा जाळलाही, आणि बॅनन त्या सगळ्यात शोकांतिकेचा नायक होऊन बसला. अमेरिकेत वितरक मिळायलाही चित्रपटाला बराच काळ लागला. पुढच्या वर्षी अ‍ॅलिसन क्लेमन यांनी ‘द ब्रिंक’मध्ये त्याच माणसाला हॉटेलांच्या खोल्यांत, विमानांत, बैठकांत पकडला. तिथे तो गबाळा, आपलीच टिमकी वाजवणारा आणि सतत कोणाच्या तरी पैशाच्या शोधात असलेला दिसतो. दोन्हींत माझं मत क्लेमन यांना. मॉरिसचा चित्रपट दिसायला कितीतरी सुंदर आहे, आणि त्याचा घोटाळा तिथेच झाला.

डॅनियल लॉम्ब्रोसो यांचा ‘व्हाइट नॉइज’ (२०२०) या दोन्हींच्या मधला. नाझी छळातून वाचलेल्या आजी-आजोबांचा हा नातू रिचर्ड स्पेन्सर, माइक सर्नोविच, लॉरेन सदर्न या कडव्या उजव्या प्रचारकांच्या मागे चार वर्षं फिरला. नोव्हेंबर २०१६ मध्ये वॉशिंग्टनच्या सभेत नाझी पद्धतीने वर गेलेले हात टिपले ते त्यानेच. ती क्लिप जगभर फिरली, पण चित्रपटाचं महत्त्व त्यापुढे आहे. या चेहऱ्यांना विचारसरणी हा धंदा आहे, प्रेक्षक हरवले की त्यांच्या पायाखालची जमीन सरकते, हे त्यात हळूहळू उलगडतं. माझी एकच तक्रार. तिघंही आधीच नावाजलेले. त्यांचे व्हिडिओ रात्री जागून पाहणारा नेब्रास्कातला कोणी निनावी पोरगा त्यात नाही. तो असता तर हा चित्रपट हायझेंच्या जवळ गेला असता.

दिया खान यांची वाट अगदी निराळी. नॉर्वेत वाढलेल्या, पाकिस्तानी वडिलांच्या या दिग्दर्शिकेला आयुष्यभर वंशवाद्यांच्या धमक्या आल्या. ‘व्हाइट राइट’ (२०१७) मध्ये ती त्यांच्याच बैठकांना गेली, शार्लट्सव्हिलच्या मोर्चात त्यांच्याबरोबर चालली आणि प्रत्येकाला विचारत राहिली, की तुम्हाला मी इथे नको आहे का? समोरची माणसं गडबडतात. जेफ स्कूप, नाझी विचारांच्या अमेरिकी संघटनेचा अनेक वर्षांचा म्होरक्या, २०१९ मध्ये बाहेर पडला आणि या भेटीचा वाटा त्याने जाहीरपणे मान्य केला. असं किती चित्रपटांच्या बाबतीत सांगता येईल? तरीही टीकाकार म्हणून एक शंका मागे उरते. त्या यशानंतर अशा चित्रपटांची एक साचेबंद गोष्ट तयार झाली, द्वेष करणाऱ्याला प्रेमाने भेटा आणि तो बदलेल. त्यात संघटना नाहीशी होते. पैसा, छापखाना, सभागृहाचं भाडं, पोलिसांशी संबंध, निवडणुकीतली सौदेबाजी यांतलं काही उरत नाही. उरतात दोन माणसं आणि त्यांचे डोळे.

जवळ जाण्याची किंमत कोण मोजतं, हा प्रश्न तलाल दर्की यांच्या ‘ऑफ फादर्स अँड सन्स’च्या (२०१७) बाबतीत टाळताच येत नाही. बर्लिनमध्ये राहणारा हा सीरियन दिग्दर्शक आपण जिहादचे सहानुभूतीदार आहोत असं भासवून इदलिबमध्ये अल-नुसराच्या एका लढवय्याच्या घरी दोन वर्षांहून अधिक काळ येत-जात राहिला. बाप मुलांवर जीव लावणारा, सुरुंग काढणारा आणि एका सुरुंगात पाय गमावणारा. मुलं एक पाखरू मारतात आणि बापाला सांगतात, तुम्ही त्या माणसाला कापलंत तसंच कापलं. मोठा मुलगा प्रशिक्षणाला जातो. पुढारी काय म्हणतो यात चित्रपटाला रस नाही. बारा-तेरा वर्षांच्या मुलाच्या अंगात विचार कसा शिवला जातो, हे तो घरात बसून पाहतो. या क्षेत्रातलं माझ्या मते सर्वोत्तम काम हेच. आणि ते फसवणुकीवर उभं आहे. बापाची फसवणूक एक वेळ पचवता येते. त्या मुलांना मात्र कोणी विचारलं नव्हतं, आणि त्यांचे चेहरे आता कायमचे जगासमोर आहेत. ऑस्करच्या नामांकनाने या हिशेबात काही भर पडत नाही.

आपल्याकडे ही चर्चा वेगळ्याच जागेवरून सुरू करावी लागते, कारण इथे परीघ आणि केंद्र यांच्यातलं अंतर कधीच फार नव्हतं. ललित वचानी यांनी १९९३ मध्ये ‘द बॉय इन द ब्रँच’ केला तो राष्ट्रीय स्वयंसेवक संघाच्या नागपुरातल्या एका शाखेवर. संघाला काठावरची संघटना म्हणणं तेव्हाही अवघडच होतं. पण सिनेमाने त्या मैदानाकडे तोवर क्वचितच लक्ष दिलं होतं. वचानी पोरांच्या उंचीवर कॅमेरा ठेवतात. खेळ, गोष्टी, रांगा, घोषणा, आणि संध्याकाळी दोस्त भेटतात म्हणून शाखेत येणारा एक लहान मुलगा. मोठ्यांनी कितीही बौद्धिक दिलं तरी त्याचा जीव खेळात. इथे कोणाला पकडून उघडं पाडायचं नाही. आठ वर्षांनी वचानी पुन्हा नागपूरला गेले आणि ‘द मेन इन द ट्री’ (२००२) झाला. पहिल्या चित्रपटाच्या चित्रीकरणानंतर बाबरी मशीद पडली होती, दिल्लीत वाजपेयींचं सरकार आलं होतं, आणि पहिल्या चित्रपटातली पोरं व तरुण आता सांगण्यासारखं बरंच काही असलेली मोठी माणसं झाली होती. संघाला विरोध करणाऱ्यांचे आवाजही त्यात येतात. पण लक्षात राहतो तो परत जाण्याचा निर्णय. जर्मनीत हायझे जे करत होते तेच नागपुरात वचानी करत होते, आणि आपल्या समीक्षेने त्याची नोंद जवळजवळ घेतली नाही.

औरंगाबादचं (आजचं छत्रपती संभाजीनगर) दुर्गा वाहिनी या हिंदुत्ववादी स्त्री-संघटनेचं शिबिर टोरोंटोत वाढलेल्या निशा पाहुजा यांनी चित्रित केलं. ‘द वर्ल्ड बिफोर हर’ (२०१२) या शिबिराला मुंबईतल्या मिस इंडियाच्या तयारीशेजारी ठेवतो. एकीकडे लाठी-बंदूक शिकणाऱ्या मुली, दुसरीकडे फक्त पाय तपासता यावेत म्हणून डोक्यावरून पांढरं कापड घेऊन चालायला लावलेल्या मुली. जोडणी हुशार आहे, थोडी जास्तच हुशार. पण चित्रपटाला तारते ती शिबिरातली चोवीस वर्षांची प्रशिक्षक. बापाने तिला लहानपणी तापलेल्या सळीचा चटका दिला होता. ती सांगते, मुलगी झाली तरी यांनी मला जिवंत ठेवलं, मग मारायचा हक्क त्यांना आहेच. तिला लग्न नको आहे, संघटनेत आयुष्य घालवायचं आहे. आणि ज्या शिबिरात ती इतर मुलींना कडक बनवते, तिथलीच शिकवण तिला चूल-मूल सांभाळायला सांगते. हा ताण कुठल्याही निवेदकाने समजावून सांगितलेला नाही. तो तिच्या चालण्यात आहे, तिच्या हसण्यात आहे.

आनंद पटवर्धन यांच्याशिवाय आपल्याकडे या विषयावर बोलणं अशक्य. ‘राम के नाम’ (१९९२) मध्ये ते कारसेवकांना रामजन्माचं साल विचारतात, उत्तर येत नाही, प्रेक्षागृह हसतं. ते हसू मला नेहमी स्वस्त वाटत आलं आहे. श्रद्धेला सनावळी विचारून काही सिद्ध होत नाही. पण त्याच चित्रपटात न्यायालयाने नेमलेले पुजारी लालदास शांतपणे, देवाचं नाव घेत, रथयात्रेमागचं राजकारण उलगडतात, आणि तो सगळा प्रसंग पटवर्धन त्यांच्या हवाली करून टाकतात. नोव्हेंबर १९९३ मध्ये लालदासांचा खून झाला. ‘जय भीम कॉम्रेड’ (२०११) हा चौदा वर्षं खपून केलेला चित्रपट रमाबाई नगरच्या गोळीबारापासून निघून कबीर कला मंचाच्या तरुण कलावंतांपर्यंत येतो. नक्षलवादाच्या आरोपाखाली हे कलावंत भूमिगत झाले होते. शीतल साठे आणि सचिन माळी एप्रिल २०१३ मध्ये विधानभवनासमोर पोलिसांना शरण गेले. पटवर्धनांचं त्यांच्यावर उघड प्रेम आहे, आणि तिथे ते प्रश्न विचारायचे थांबतात. कारसेवकाला जो उलटतपास लागतो तो शाहिराला लागत नाही. माझा आक्षेप त्यांच्या बाजू घेण्याला नाही. बाजू घेतली की कुतूहल आटतं, त्याला आहे. ‘विवेक’मध्ये (२०१८) दाभोलकर-पानसरे यांच्या खुनांपासून सनातन संस्थेपर्यंत जाताना पुरावे, मोर्चे, बातम्या यांचा डोंगर उभा राहतो. इतका, की तिच्या आश्रमात राहायला गेलेला साधा माणूस कोण, का गेला, हे विचारायला जागाच उरत नाही. आणि तोच माणूस मला पाहायचा होता.

शेवटी या चित्रपटांचं पुरावा म्हणून एक वेगळंच आयुष्य सुरू होतं. निक क्वेस्टेड हे ‘प्राउड बॉइज’ या कडव्या उजव्या अमेरिकी संघटनेबरोबर कॅमेरा घेऊन फिरत होते. अमेरिकी संसदेवरच्या ६ जानेवारी २०२१ च्या हल्ल्याच्या आदल्या दिवशी भूमिगत गॅरेजमध्ये झालेली म्होरक्यांची भेट त्यांनी टिपली आणि जून २०२२ मध्ये संसदेच्या समितीसमोर साक्ष दिली. ‘वेलकम टू लीथ’ (२०१५) मध्ये नॉर्थ डकोटातलं दोन डझन वस्तीचं गाव बळकावायला निघालेल्या वंशवाद्यांचं सशस्त्र पहाऱ्याचं चित्रण त्यांच्याच कॅमेऱ्यातून आलं आणि त्यांनाच नडलं. मोठ्या कंपन्यांच्या पैशांवर होणाऱ्या मालिका मात्र दुसरीकडे वळल्या. एचबीओची सहा भागांची ‘क्यू : इनटू द स्टॉर्म’ (२०२१) संपूर्ण वेळ इंटरनेटवर कटकारस्थानांच्या गोष्टी पसरवणारा निनावी क्यू म्हणजे कोण, याचा पाठलाग करते. रहस्य सुटल्यासारखं होतं. पण कोट्यवधी माणसांना ते रहस्य हवंसं का वाटलं, हा खरा विषय सहा भागांत नीट शिवला जात नाही.

भारतात चित्रपट करणं आजही तुलनेने सोपं आहे, दाखवणं अवघड. मुंबईच्या २००४ च्या आंतरराष्ट्रीय माहितीपट महोत्सवासाठी भारतीय चित्रपटांना सेन्सॉरचं प्रमाणपत्र सक्तीचं केलं गेलं, त्या वादातून दिग्दर्शकांनी ‘विकल्प’ नावाने समांतर महोत्सव उभा केला. ‘राम के नाम’ दूरदर्शनवर यायला उच्च न्यायालयाचा आदेश लागला, पटवर्धनांच्याच ‘फादर, सन अँड होली वॉर’ला २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाचा. ‘विवेक’ला २०१९ मध्ये केरळच्या महोत्सवासाठी केंद्राने परवानगी नाकारली, तेव्हा केरळ उच्च न्यायालयाने दिली. जानेवारी २०२४ मध्ये हैदराबादेत ‘राम के नाम’ दाखवणाऱ्यांना पोलिसांनी पकडून नेलं. चित्रपट तेव्हा बत्तीस वर्षांचा होता. अशा वातावरणात कोणी पैसा घालणार नाही, आणि पैसा नसेल तर आठ-दहा वर्षांनी परत जाणं जमणार नाही. परिणामी जे होतं ते एका घटनेवर, एका निवडणुकीवर, एका खुनावर होतं. खुनानंतरची पंधरा वर्षं कोणाच्या कॅमेऱ्यात येत नाहीत.

पुण्यात, कोल्हापुरात, नागपुरात, पणजीत अजूनही काही फिल्म सोसायट्या जिवंत आहेत. माझी त्यांना विनंती साधी आहे. वचानींचे दोन्ही चित्रपट एकाच दिवशी, लागोपाठ दाखवा, आणि त्यानंतर ‘द वर्ल्ड बिफोर हर’. सभागृहात शाखेत जाणाऱ्यालाही बोलवा, न जाणाऱ्यालाही. वाद होईल, होऊ द्या. आणि तिशीतल्या एखाद्या मराठी दिग्दर्शकाने नागपूरला जाऊन तिसरा भाग करावा. पहिल्या चित्रपटातला तो मुलगा आता चाळिशीत आहे.